प्रूफ आलं का?

तुमच्या घरातल्या कुणी एकच थट्टा तुम्हाला रोज दुपारी, अगदी नव्यानं सुचल्यासारखी ऐकवली, तर तुम्ही किती दिवस मनापासून हसाल? घाईनं उत्तर देऊ नका. कॉलेजात असताना मला कुणी विचारलं असतं, तर मी "एकही दिवस नाही" म्हणून मोकळी झाले असते. खोटं हसणं म्हणजे खोटं बोलणंच, असं मी तेव्हा मानत होते, आणि जे मानायची ते मोठ्या आवाजात मानायची.

आमचं घर मल्लेश्वरममधलं. पुढच्या दोन खोल्यांत अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा छापखाना आणि मागे आम्ही. आमचे पूर्वज कधीतरी फौजेच्या घोड्यांबरोबर इकडे आले आणि इथलेच झाले, एवढंच आम्हाला माहीत होतं. घरात मराठी, फाटकाबाहेर कन्नड, आणि उंबरठ्यावर दोन्हींची खिचडी. ट्रेडल मशीन चालू झालं की स्वयंपाकघरातली भांडी मांडणीवर हलके किणकिणायची. ते बंद पडलं की आई हातातलं काम थांबवून वर बघायची, जणू कुणी बोलता बोलता गप्प झालं. शाई आणि रॉकेलचा वास आमच्या कपड्यांना होता, केसांना होता, आणि आईचा दावा असा की जेवणातल्या सारालाही होता. अण्णा लग्नपत्रिका छापायचे, दुकानांची बिलबुकं छापायचे, पण त्यांचा जीव पत्रकांत. कामगारांची पत्रकं, हुंड्याविरुद्धची, बुवाबाजीविरुद्धची. मी पत्रकांच्या गठ्ठ्यांवर झोपून वाढले. इतर मुलं 'कमळ बघ' वाचत होती तेव्हा मी 'मित्रहो, जागे व्हा' वाचत होते. आमच्या दारावर पाटी होती: 'येथे भविष्य, जन्मपत्रिका व चमत्कार छापून मिळणार नाहीत.' ती अण्णांनी स्वतः रंगवली होती, आणि त्या पाटीखालून शाळेत जाताना मला फार ताठ चालावंसं वाटे.

अण्णांचे थोरले भाऊ आमच्याबरोबरच राहायचे. इथल्या रिवाजाप्रमाणे मी त्यांना दोड्डप्पा म्हणायची. ते कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवून निवृत्त झाले होते. त्यांची बायको ती अक्का. त्यांना मूल नव्हतं. अक्का आमच्या छापखान्याची मुद्रितशोधक होती, आणि तिच्या हाताखालून गेलेल्या कागदात चूक राहिली असं कधी झालं नाही. ती ओली प्रूफं खिडकीच्या कट्ट्यावर पसरायची, चष्मा कपाळावरून खाली ओढायची आणि पेन्सिल जिभेला लावून सुरू करायची. मजकूर कुणाचाही असो, शेरा ठरलेला. "भावोजी, परत उलटा खिळा!" हे अण्णांना, कारण छपाईचा एकेक शिशाचा खिळा तेच जुळवायचे. आणि लेखकाबद्दल काहीतरी, जे लेखकाला कधीच कळवलं जायचं नाही.

मग ती विसरू लागली. आधी मीठ, मग माणसं, मग मधली सगळी वर्षं. शेवटी तिच्यापाशी एकच दुपार उरली. कॉफी झाली की ती पदराला हात पुसत पुढच्या खोलीत यायची, कट्ट्यावर बसायची आणि विचारायची, "प्रूफ आलं का?" सुरुवातीला आम्ही तिला खरं सांगत होतो, "अक्का, तू ते काम सोडलंस, आता डोळ्यांना त्रास होतो ना?" आणि ती रोज नव्यानं रडायची. रोज पहिल्यांदाच कळत होतं तिला ते. दोड्डप्पांनी मग जुनी छापील पानं दिली. तिनं कागदावरून बोट फिरवलं, बोटाला शाई लागली नाही हे बघितलं आणि पान परत केलं. "हे छापून झालंय. मला काय फसवताय?" तिला ओलं प्रूफ हवं होतं, खऱ्या चुकांचं.

तेव्हा दोड्डप्पांनी आपला सिद्धांत लिहायला घेतला. एका पानाचाच होता. नाव 'वळसा सिद्धांत'. आमच्याकडे ग्रीक अक्षरांचे खिळे नव्हते, म्हणून समीकरणांत अण्णांनी कन्नडचे घातले. फिरून येणाऱ्या काळासाठी कन्नडमधला 'ठ' निवडला, कारण तो दिसायला गोल आणि मधोमध टिंब. बाकी पान मराठीत. मागच्या पडवीत अवरेकाळू, म्हणजे पावट्याचे दाणे, सोलत बसलो असताना दोड्डप्पांनी मला तो समजावला. हिवाळ्यात आमच्याकडे हे कामच असायचं. भिजवलेला दाणा चिमटीत दाबायचा, सालीतून तो सुळकन निसटून पातेल्यात पडायचा, आणि सगळ्या घराला त्या शेंगांचा ओशट, हिरवा वास लागायचा.

"गरम कॉफी निवते," ते म्हणाले. "निवलेली आपोआप गरम होत नाही. ह्या उतारालाच आपण काळ पुढे गेला म्हणतो. सरी? कळतंय?"

"सरी."

"आता समज, एखाद्या ठिकाणी काहीच निवत नाही. तिथे काळाला उतारच नाही. मग तो काय करील? सपाट जमिनीवरचं पाणी करतं तेच. तिथल्या तिथे वळसा घेईल आणि आपल्यालाच येऊन मिळेल. सूर्य, शहर, तू, मी, सगळे उतारावर. पण मधेच एखादी जागा सपाट असू शकते. एखादं माणूसही."

"म्हणजे अक्का विसरत नाहीये, तिचा काळच फिरून येतोय?"

"ती बरोबर आहे आणि आपण तिला चूक ठरवतोय, असं असू शकतं."

मी हातातला दाणा पातेल्यात फेकला. "कसोटी काय ह्याची? कसोटी नसेल तर हाही चमत्कारच. दारावरची पाटी काढून ठेवा मग."

ते खूश झाले. त्यांना असं कुणी अंगावर आलेलं आवडायचं. "आहे ना कसोटी. वळशात काही झिजत नाही. तिला जर कुठे झीज दिसली, कालच्याहून आज काही उणं दिसलं, तर माझा सिद्धांत खोटा."

तर ते पान अण्णांनी जुळवलं, मुद्दाम चुका घालून. दोन खिळे उलटे, एक शब्द दोनदा, एका ठिकाणी अनुस्वार गायब. रोज नवं पान जुळवणं शक्य नव्हतं, म्हणून तेच मॅटर, म्हणजे जुळवलेले खिळे, लोखंडी चौकटीत आवळून उभं ठेवलं. रोज दुपारी त्यावर शाई फिरवून एक प्रूफ काढायचं आणि ओलंच अक्काच्या हातात द्यायचं. अक्का वाचायची. सगळ्या चुका शोधायची. "भावोजी, परत उलटा खिळा!" आणि शेवटी चष्मा वर करून दोड्डप्पांकडे बघायची. "कुणी लिहिलंय हो हे? माणसाला गणित येतंय, मराठी येत नाही."

आणि दोड्डप्पा हसायचे. खांदे हलेपर्यंत, डोळ्यांत पाणी येईपर्यंत, रोज. मी दारात उभी राहून बघायची आणि मला संताप यायचा. सत्यासाठी ज्या घरानं पत्रकं काढली त्याच घरात रोज दुपारी नाटक? आज मी व्हाइटफील्डमध्ये एका सोसायटीत राहते. शेजारच्या पुण्याच्या मुलीला माझं मराठी 'क्यूट' वाटतं. संध्याकाळी मी बाल्कनीत बसते तेव्हा खालच्या गाड्यांच्या गोंगाटातून मला ऐकू येतं ते नेमकं तेच हसणं. तेव्हा ते ऐकताना मी दात आवळत होते.

त्याच हिवाळ्यात शेवंता आमच्या छापखान्यात आली. होसूर रोडला, बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात काम करणारी, माझ्याच वयाची. तिथे निपाणीकडच्या बऱ्याच मुली एकत्र आणून ठेवल्या होत्या. त्यांना मराठी वाचता येई, कन्नड जेमतेम, आणि नोटिसा सगळ्या इंग्रजीत. ती चप्पल दाराबाहेर काढून आत आली आणि उभ्याउभ्याच बोलू लागली.

"ताई, घड्याळ मागं करत्यात वो आमचं."

"म्हणजे?"

"आत मनगटाचं घड्याळ न्यायचं न्हाई. भिंतीवर एकच. आन् भाईर दिवं लागल्यात, तरी त्याच्यात साडेपाचच. आमी म्हनलं, आमचीच अक्कल गेली का काय! मग एकीनं बघितलं."

त्यांचा फोरमन, तो नराधम, जेवणाच्या सुट्टीत स्टुलावर चढून काटे मागे सरकवायचा. मुली जेवून आल्या की झालेली वेळ पुन्हा सुरू व्हायची. दुसऱ्या दिवशी सकाळी गेटवर सगळ्या पाळ्यांच्या मुली एकत्र येणार होत्या. त्याआधी प्रत्येकीच्या हातात मराठी पत्रक हवं होतं. कन्नड पत्रक दुसरीकडे छापून होत होतं. अण्णांनी एकच वाक्य विचारलं, "विजू, लिहितेस?" माझं आयुष्यातलं पहिलं पत्रक. मी शेवंताला आईजवळ बसवलं, आईनं तिच्यापुढे ताटलीत चित्रान्न ठेवलं, आणि मी एका बैठकीत लिहिलं. 'आमची वेळ परत द्या!' पेनाची निब कागदात रुतत होती.

अण्णा जुळवायला बसले आणि चार ओळींत थांबले. त्यांनी खिळ्यांच्या केसमधल्या एका खणात बोट फिरवलं. खण रिकामा होता.

"ळ नाहीत."

आमच्याकडे मराठीचे खिळेच थोडे. फार पूर्वी पुण्याहून आणलेले. इथल्या फाउंड्रीत मराठी खिळे ओतणारं कुणी उरलं नव्हतं, आणि छपाई तर कॉम्प्युटरकडे निघालीच होती. होते नव्हते ते ळ दोड्डप्पांच्या पानात अडकले होते. तिथे प्रत्येक ओळीत काळ आणि वळसा. आणि माझ्या पत्रकात वेळ, पाळी, घड्याळ, सगळ्या, मिळालीच पाहिजे.

"ळ नसंल तर ल घाला की," शेवंता भात चिवडत म्हणाली. "आमच्या पोरी वाचत्यात."

"'घड्याल मागे केले'?" अण्णा म्हणाले. "फोरमनला फुकटची करमणूक."

"म्हणजे ळ नसेल तर मराठीत संपच करता येत नाही," आई म्हणाली, आणि शेवंता तोंडाला पदर लावून हसली.

मला हसू आलं नाही. मी त्या उभ्या चौकटीकडे बोट दाखवलं. "ते सोडा ना मग!"

अण्णांनी माझ्याकडे बघितलं नाही. "ते दादाचं आहे. दादा सांगेल."

दोड्डप्पा कोपऱ्यातल्या खुर्चीत बसले होते. त्यांनी सगळं ऐकलं होतं. मी त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिले. आवाज खाली ठेवायला मला कुणी शिकवलंच नव्हतं. "तिकडे एक माणूस घड्याळ मागे करतो म्हणून आपण पत्रक काढतोय. आणि इकडे, दोड्डप्पा? इकडे आपण काय करतोय?"

मशीन बंद होतं. आईची भांडीही गप्प. त्यांनी चष्मा काढला, धोतराच्या सोग्यानं पुसला.

"तिच्या घड्याळाला मी हात लावलेला नाही, विजू," ते म्हणाले. "ते थांबलंय. मी त्याच्यापाशी बसतो, इतकंच." चष्मा परत चढवून, "हे पान सुटलं, तर उद्या दुपारी ती येईल तेव्हा मी तिला काय देऊ? तुझं पत्रक खरं आहे. मला कळतंय. आजचं तिचं वाचून होऊ दे. मग सांगतो."

कॉफी झाली. अक्का पदराला हात पुसत बाहेर आली. कट्ट्यावर बसली. "प्रूफ आलं का?"

अण्णांनी शाई फिरवली, कागद ठेवला, प्रूफ काढलं. पान सोडायचं की नाही हे दोड्डप्पांनी अजून सांगितलं नव्हतं. शेवंता आईच्या शेजारी अवरेकाळू सोलत होती, आणि एक अनोळखी मुलगी घरात आहे हे अक्कानं बघितलं, पण विचारलं नाही. तिनं पेन्सिल जिभेला लावली. पहिला उलटा खिळा सापडला, तिनं खूण केली. दुसरा सापडला. दोड्डप्पांच्या चेहऱ्यावर हसू आधीच तयार होऊन बसलं होतं. नेहमीची वाक्यं यायची होती.

ती आली नाहीत. अक्कानं कागद डोळ्यांजवळ नेला, मग उजेडाकडे धरला.

"भावोजी, हा ळ बघा. ह्याचं उजवं वेटोळं तुटलंय."

अण्णा वाकले. "हो की. जुना खिळा आहे, वहिनी."

"जुना आहे ते दिसतंय मला. पण काल नुसती बारीक चीर होती."

काल. तो शब्द तिच्या तोंडून आम्ही कितीतरी दिवसांत ऐकला नव्हता. दोड्डप्पा खुर्चीतून उठले. "काल?" ते म्हणाले.

"काल म्हणजे काल. दुसरं कुठलं?" अक्का त्यांच्याकडे बघत राहिली, आणि तिच्या चेहऱ्यावर काहीतरी हळूहळू जागेवर येत गेलं, खिळे एकेक करून ओळीत बसावेत तसं. "किती दिवस हेच पान देताय मला?"

"बरेच."

"आणि मी रोज वाचते?"

"रोज."

"चुका सापडतात मला?"

"सगळ्या," दोड्डप्पा म्हणाले. "एकही सुटत नाही."

"मग ठीक आहे," ती म्हणाली आणि हसली. त्यांच्या हातावर तिनं शाईचं बोट टेकवलं. "केवढं म्हातारं झालात हो तुम्ही." मग तिनं प्रूफ मांडीवर घेतलं आणि समासात तिच्या सुंदर, तिरप्या अक्षरात लिहिलं: 'वाचून झाले. मॅटर सोडा.'

चौकट दोड्डप्पांनीच सोडली. आवळलेल्या पाचरी एकेक करून सैल केल्या. ओळी मोकळ्या झाल्या तसे अण्णा खिळे उचलून खणात टाकू लागले. तो टपटप आवाज मला आजही झोप लागता लागता ऐकू येतो. तुटलेला ळ दोड्डप्पांनी शर्टाच्या खिशात टाकला. "सिद्धांत गेला," ते मला म्हणाले. त्यांचं तोंड आनंदानं उजळलेलं होतं. आपला सिद्धांत खोटा ठरला म्हणून इतकं हरखलेलं माणूस मी दुसरं पाहिलं नाही.

संध्याकाळच्या आत माझं पत्रक जुळवून झालं. त्याचं प्रूफ अक्कानं वाचलं. अनुस्वार, वेलांट्या सगळं झाल्यावर ती एका शब्दावर थांबली आणि मला जवळ बोलावलं. मी फोरमनला नराधम म्हटलं होतं.

"हा कशाला?"

"आहेच तो नराधम!"

"असेल. पण तो घड्याळ मागे करतो हे तू वर लिहिलंयस ना? ते वाचून ज्याला राग आला नाही, त्याला ह्या शब्दानं येणार आहे का?" तिनं त्यावर आडवी रेघ ओढली. "पोरी, राग वाक्यात ठेव. शब्दात ठेवलास की सांडतो."

शेवंता मान डोलावत होती. "अक्का म्हंत्यात ते खरं हाय. मुकादमाला शिव्या तर आमीबी देतोच की."

पत्रकं सकाळी गेली. पुढे बरंच झालं, त्यातलं काही जिंकलो आणि काही हरलो. गेटवर, सगळ्यांना दिसेल असं दुसरं घड्याळ मात्र लागलं. शेवंता ते सांगायला मुद्दाम आली होती, येताना पेरू घेऊन.

पण ती आली त्याच्या आधीचं सांगायचंय. पत्रकं गेली त्याच दिवशी दुपारी आम्ही सगळे पुढच्या खोलीत कारण नसताना बसून होतो. आई चुलीवरचं सोडून आली होती. कॉफी झाली. अक्का पदराला हात पुसत बाहेर आली. दोड्डप्पांनी खुर्ची तिच्याकडे सरकवली, आणि आदल्या दिवशी जिथे थांबले होते तिथूनच बोलणं सुरू करायला तोंड उघडलं.

"प्रूफ आलं का?" ती म्हणाली.

दोड्डप्पा कोपऱ्यातल्या बाकावर बसले. त्यांच्यापाशी आता सिद्धांतही नव्हता. एकदा खोटा ठरला तो ठरला, ह्यात ते माझ्याहून कडक. ती त्याच दुपारी परत आली होती आणि त्यांनी तिला द्यायचं पान आमच्या पत्रकासाठी सोडून दिलं होतं. अक्का थांबली होती. तिचा हात कट्ट्यावर कागद चाचपत होता, आणि तिचे ओठ, ते रडण्याआधी व्हायचे तसे, होऊ लागले.

मी उठले. पत्रकाचं मॅटर अजून चौकटीत होतं. दुसरी खेप लागली तर, म्हणून ठेवलेलं. मी पाचरी सैल केल्या आणि केसमधून खिळे उचलले. न, रा, ध, म. फोरमनच्या आधी जागा करून ते बसवले. एक खिळा उलटाही लावला. अण्णांनी माझ्याकडे बघितलं आणि शाईचा रूळ हातात दिला. मी प्रूफ काढलं आणि ओलंच अक्काला नेऊन दिलं.

"भावोजी, परत उलटा खिळा!" ती म्हणाली. मग वाचत खालच्या ओळींवर आली, थांबली, चष्मा वर केला. "कुणी लिहिलंय हे?"

"मी," मी म्हणाले.

"जवळ ये. हा कशाला?"

"आहेच तो नराधम," मी म्हणाले, आणि तिनं रेघ ओढली, आणि मला तिचं ते वाक्य सांगितलं. मी ते पहिल्यांदा ऐकल्यासारखं ऐकलं. कोपऱ्यातून दोड्डप्पा माझ्याकडे बघत होते. 'आता कळलं?' असं काही त्या बघण्यात नव्हतं. ते नुसते सरकून बसले आणि माझ्यासाठी बाकावर जागा केली.

अक्काला वाचता येत होतं तोवर रोज दुपारी मी तो शब्द परत घालत होते आणि ती तो रोज खोडत होती. काल म्हणून ती पुन्हा कधी बोलली नाही. मग एका दुपारी ती बाहेर आलीच नाही. दोड्डप्पाही फार राहिले नाहीत. त्यांच्या शर्टाच्या खिशात तो ळ होता. छापखाना गेला, घराच्या जागी आता उंच इमारत आहे, आणि तिच्या खालून जाताना मी अजूनही कॉफीच्या वेळेला चालणं हळू करते. दोड्डप्पांचा सिद्धांत खोटा होता. तो खरा असावा असं मला आता रोज वाटतं. ह्या वयात माझ्याइतकं ते कुणालाच वाटत नसेल. त्या दुपारीच मला येऊन मिळायचंय, शाईच्या वासात, ओरडा खात.

मी पुढे पुष्कळ लिहिलं. तिच्या हातून न गेलेलं. म्हणून एक विनंती. आठवणींच्या ह्या प्रकरणात, शेवंता पहिल्यांदा घरी येते तिथे, फोरमनबद्दल मी तो शब्द पुन्हा ठेवून दिला आहे. पेन्सिल घ्या. पान मागे उलटा, शोधा, आणि त्यावर एक आडवी रेघ ओढा. सावकाश, जणू तुम्हाला तो पहिल्यांदाच दिसतो आहे.